लोंबते हात

क्योतो, ९ मे १९५४

नुइताई,

शेजाऱ्यांनी मुलांच्या सणाचे कापडी मासे अजून खांबावरून उतरवलेले नाहीत. वारा आला की ते टम्म फुगतात. आज मीही तसाच फुगलोय, म्हणून लिहायला बसलो. आधी हातातला खळीचा कुंचला खाली ठेव. तुमच्या दुकानाचे कागदी पंखे कुठे पळून जात नाहीत. ठेवलास? मला काम मिळालं. प्रेताचं नाही, जिवंत माणसाचं, तेही एक नाही, दोन.

त्रेसष्ट सिनेमे झाले ताई. त्यातल्या एकेचाळिसात मी मेलोय. युद्धानंतर अमेरिकन साहेबांनी तलवारीच्या सिनेमांवर बंदी घातली तेव्हा पिंपावर उभा राहून गाणी म्हटली. कुत्र्याच्या जागी भुंकलो. नायकाच्या जागी घोड्यावरून पडलो. नायिका शामिसेन वाजवते तेव्हा पडद्यावर दिसणारी बोटं माझी. स्टुडिओत मला सगळे ‘फडकं’ म्हणतात. काही सांडलं की ओगिनोला हाक मारायची. बाबा म्हणायचेच ना, ‘तोकु म्हणजे एक ना धड, भाराभर चिंध्या.’ तर त्या चिंध्यांची आता गोधडी शिवली जातेय.

पितरांच्या सणाला लागणारा भुताचा सिनेमा आहे. एक नीळ रंगवणारा आपल्या बायकोला निळीच्या हौदात बुडवून मारतो आणि ती परत येते. नवराही मीच, बायकोही मीच. दिग्दर्शक कुराता म्हणाले, “दोघांचं तोंड एकच असलं की लोक जास्त घाबरतात. आणि असं दोन्ही करणारा माझ्याकडे तूच आहेस.” एवढं ऐकायला मला सदतीस वर्षांचं व्हावं लागलं. भुताच्या लेकराचं काम आपली साए करणार आहे. साडेतीन वर्षांची पोर, पण माझं बाईचं तोंड बघून न रडणारी साऱ्या स्टुडिओत तीच एक. तिची आई गेल्यापासून ती माझ्याबरोबरच स्टुडिओत असते, मग कामच का करू नये?

एक गोची आहे. भुताच्या सिनेमाआधी त्या बाईच्या थडग्यावर जाऊन, उदबत्ती लावून परवानगी मागायची, हा रिवाज तुला माहीतच आहे. पण आमची बाई लेखकाने गेल्या महिन्यात जन्माला घातली. तिचं थडगं आणायचं कुठून? जुनी माणसं कुरकुरतायत. कुराता हसतात. मीही हसलो, पण पोटातून नाही.

आता मागणं. स्टुडिओची पांढरी पावडर दिव्यांखाली राखेसारखी उडते, तासाभरात भेगा पडतात. बाबांच्या नाटकाच्या रंगपेटीत ती जुनी पावडर अजून असेल ना? चेहऱ्याला रेशमासारखी धरून बसणारी? सरकारने ती का बंद केली कोण जाणे, म्हणे तब्येतीला बरी नव्हे. सरकारला तलवारीही बऱ्या वाटत नव्हत्या. असतील तेवढे डबे पाठव. दाजींना नमस्कार.

तोकुजि


मारुगामे, १७ मे

तोकु,

तुझं पत्र ह्यांना मोठ्याने वाचून दाखवलं. हे म्हणाले, “बायको आणि नवरा दोन्ही एकटाच करणार म्हणजे भांडणही एकटाच करणार. सुखी माणूस!” मग माझ्याकडे बघून घाईघाईने पंख्यांच्या काड्या सोलायला बसले.

मला काय वाटलं ते सरळ सांगते. मी रडले. बाबा असते तर त्यांनी तुला शिव्या घातल्या असत्या, आणि मग आपल्या फिरत्या तमाशाच्या साऱ्या गाडीला सांगत सुटले असते.

पेटी उघडली. तीन डबे निघाले, दोन तर न फोडलेले. त्यांचा रुंद कुंचलाही आहे, केस थोडे गळलेत. सगळं कापसात बांधून आजच्या बोटीने धाडते आहे. डबा उघडल्याबरोबर तो वास आला, आणि बाबा आरशासमोर उघड्या पाठीने बसलेत, मी मानेवर पावडर लावतेय, असं सगळं समोर उभं राहिलं. त्यांच्या शेवटच्या हंगामाची आठवण इकडची म्हातारी माणसं अजून काढतात. तू तेव्हा ओसाकाला दुसऱ्या मंडळीत शिकायला होतास, तुझ्या नशिबात ते बघणं नव्हतं.

साएला जपून. दिव्यांच्या उन्हात लेकरू किती वेळ ठेवणार? तिच्यासाठी छोटा पंखा पाठवलाय, त्यावर ह्यांनी घुबड काढलंय. ह्यांचं म्हणणं ते मांजर आहे.

आणि थडगं नसलं तर नसलं, कुठेतरी जाऊन हात जोड. हसण्यावारी नेऊ नकोस.

नुइ


क्योतो, ६ जून

नुइताई,

उत्तराला उशीर झाला. रोज दहा-दहा तास तोंड रंगवलेलं असतं, आणि उतरवल्यावर अंगात त्राण राहत नाही.

पावडर! काय सांगू? पाण्यात कालवून कुंचला फिरवला आणि रंगभूषेची ओतोकि बघतच राहिली. कॅमेरावाला म्हणतो, असा पांढरा रंग युद्धानंतर बघितला नाही. चेहरा, मान, पाठ, हात, सगळीकडे तीच लावतो. साएलाही. तिला फार आवडतं, कुंचला फिरला की खिदळते, ओठाला लागलेली चाटते आणि “गोड” म्हणते. दोन दृश्यांच्या मधे माझ्या मानेत तोंड खुपसून झोपते, मग आम्हाला दोघांना पुन्हा रंगवावं लागतं.

आता खरी बातमी. चौथ्या दिवशी मी हौदातून वर आलो, भुताने हात धरावेत तसे धरले, मनगटातून खाली सोडलेले. कुराता ओरडले, “थांबवू नका, चालू ठेवा!” नंतर जवळ येऊन म्हणाले, “ओगिनो, तीस वर्षं मी भुतं बघतोय. सगळे हात लोंबवतात. तुझे हात खरंच मेलेले आहेत. कुठे शिकलास?” त्या दिवसापासून दुसऱ्या फ्लोअरवरची माणसं माझे हात बघायला येतात. काल एक मोठा नायक आला होता, नाव लिहीत नाही, त्याला जमलं नाही. भाराभर चिंध्या!

पण ताई, मनातलं तुझ्याजवळ बोलतो. इथे काहीतरी बरं नाही. माझ्या पोटात पीळ पडतो, घाम सुटतो. साए चिडचिडी झालीय, दोनदा ओकली, जेवणाकडे बघत नाही. म्हातारे लोक म्हणतात, थडग्यावर न गेल्यामुळे वाटेवरचं कुणीतरी रिकाम्या जागेत येऊन बसलंय. शेवटी मॅनेजर हिरोसेने हौदामागे एक धोंडा बसवून घेतला, त्यावर बाईचं नाव लिहिलं. आम्ही सगळे वाकून आलो. साएने घुबडाचा पंखा ठेवला. तरी मला हौदाकडे पाठ करवत नाही. कुणीतरी मनगटं धरून खाली ओढतंय असं वाटतं. काल दुपारी जेवताना चॉपस्टिक्स दोनदा गळून पडल्या. भूमिका अंगात भिनली म्हणायची, दुसरं काय!

तोकुजि


मारुगामे, ११ जून

तोकु,

पत्र आजच मिळालं आणि आजच लिहिते आहे.

ती पावडर वीस-पंचवीस वर्षांपूर्वीची आहे. मीच विचार न करता पाठवली. पेटी दमट कोपऱ्यात होती, नक्की बुरशी धरली असणार. पोटात दुखतं ते त्यानेच. टाकून दे. स्टुडिओची राखेसारखी असली तरी तीच वापर. साएच्या अंगाला तर जुनीचा कणही लागू देऊ नकोस, आणि तुझ्या रंगवलेल्या मानेवर तिला झोपू देऊ नकोस.

साएला इकडे पाठव. समुद्राची हवा आहे, ताजी मासळी आहे. हे येऊन घेऊन जातील. सिनेमात लेकरू काय, दुसरंही मिळेल.

आणि एक कर. हात गुडघ्यावर पालथा ठेव, बोटं सैल सोड, आणि नुसतं मनगट वर उचलून बघ. उचलतं का, किती उचलतं, मला लगेच कळव. दोन्ही हातांचं कळव.

नुइ


क्योतो, १६ जून

ताई,

बुरशी? डबा उघडून तीनदा हुंगला. नवऱ्या मुलीच्या किमोनोसारखी स्वच्छ पावडर आहे. अर्धा सिनेमा त्या पांढऱ्यावर चित्रित झालाय. आता दुसरी लावली तर एका क्षणी भूत पांढरं आणि पुढच्या क्षणी करडं दिसेल. कुराता मला जिवंत सोडणार नाहीत. नऊ दिवसांचं काम उरलंय, फक्त नऊ.

साएला मागतेस. तुझ्या पोटी मूल नाही म्हणून माझं मागतेस का? हे लिहू नये ते लिहिलं. खोडत नाही. मी सध्या चांगला माणूस राहिलेलो नाही.

तू सांगितलंस तसं केलं. उजवं मनगट उचलत नाही. डावं बोटभर उचलतं. गेला आठवडाभर ओतोकिच मला रंगवतेय, कुंचला माझ्या हातात टिकत नाही. भाताचा वाडगा दोन्ही तळव्यांत धरून कुत्र्यासारखा तोंड घालून खातो. बाहेर कुणाला माहीत नाही. बाहेर टाळ्या आहेत.

साएची अवस्था लिहवत नाही. भर दिवसा दचकते. मान मागे टाकते. काल मला विचारलं, “दिवे का विझवले?” दिवे चालू होते ताई, सगळे चालू होते. मंदिरातून भटजी आणला. त्याने तिच्या मनगटाला कागद बांधला आणि म्हणाला, ही बाई लेकरू मागतेय, सिनेमा पूर्ण झाल्याशिवाय सोडणार नाही. म्हणून मी काम थांबवत नाही. लवकर संपवतोय. तिला सोडवायचा हाच रस्ता आहे ना? तू सांग, हाच ना?

आणि एक सांग. मी लिहिलं होतं की हात लोंबवणं हा माझा अभिनय आहे. तुला कसं कळलं की उचलतात का ते विचारावं?

तोकुजि


तार
मारुगामे, १८ जून, सकाळी

पावडर विष आहे. साएला धुऊन काढ. इस्पितळ गाठ. भूत नाही. नुइ


मारुगामे, १८ जून

तोकु,

तार केली. हे बोटीची चौकशी करायला गेलेत. हे पत्र आधी पोचेल की मी, माहीत नाही. पण तू विचारलंस, आणि समोर आल्यावर माझ्या तोंडून हे निघणार नाही, म्हणून लिहून ठेवते.

मला कसं कळलं? कारण ते हात मी बघितलेत.

बाबांचा शेवटचा हंगाम. गावोगाव लोक त्यांच्या भुताचे हात बघायला यायचे. दिवे कमी करून फक्त हात दाखवायचे. टाळ्या थांबायच्या नाहीत. आणि पडदा पडल्यावर मी त्यांना लहान मुलासारखं भरवायचे. ताकामात्सुच्या डॉक्टरांनी त्यांच्या हिरड्या बघितल्या, निळी रेघ दाखवली आणि म्हणाले, “शिसं आहे. पावडरीत शिसं आहे. आजपासून बंद.” बाबा म्हणाले, “या हातांना आयुष्यात पहिल्यांदा टाळ्या मिळतायत डॉक्टर.” आणि त्याच संध्याकाळी रंगवायला बसले. त्यांना माहीत होतं तोकु. कळून लावली.

हे तुला कुणी सांगितलं नाही. तुला सांगितलं, बाबांना झटका आला. आईने मला शपथ घातली होती. मंडळीत बाराजण होते, सगळे तीच पावडर लावायचे. पावडर बंद म्हणजे भुताचा खेळ बंद, खेळ बंद म्हणजे बाराजणांच्या चुली बंद. झाकली मूठ सव्वा लाखाची, आई म्हणायची.

पण आईने मूठ झाकली ती एवढ्यासाठीच नाही. तुला आपला धाकटा भाऊ सुएकिचि आठवतो का? तू आठ वर्षांचा होतास, तो दहा महिन्यांचा. तू त्याला चिमणीचा आवाज काढून दाखवायचास. आई तेव्हा नायिकेच्या मैत्रिणीचं काम करायची, रंग न उतरवताच त्याला पाजायची. तो मान मागे टाकायचा. सगळ्यांनी मेंदूज्वर म्हटलं. सहा वर्षांनी बाबांना तपासताना त्याच डॉक्टरांनी आईला विचारलं, “घरात कुठलं तान्हं मूल गेलं होतं का?” आई उठून बाहेर गेली. त्यानंतर तिने त्या डॉक्टरांचं नाव घेऊ दिलं नाही. मरेपर्यंत म्हणत होती, तो अडाणी होता. मलाही ते मानणं सोपं होतं, म्हणून मी मानलं.

डबे बांधताना माझा हात थांबला होता तोकु. क्षणभर थांबला. मग वाटलं, तुला एवढं मोठं काम मिळालंय, कशाला अपशकुन! आणि मी दोरी आवळली. तुझे हात मेलेत असं वाचलं तेव्हाच मी ओळखलं होतं. तेव्हा खरं लिहायला हवं होतं. मी बुरशी लिहिलं. आईची अब्रू, माझी चूक, सगळं एका बुरशीखाली झाकलं. त्यात सात दिवस गेले. माझ्यामुळे गेले.

मूल मागणारी बाई कुणी नाही. असलीच तर ती मी आहे, तीन डबे धाडणारी.

तिला धू. केसांच्या मुळांपर्यंत, नखांच्या आतून. माझी वाट बघू नकोस.

नुइ


क्योतो, २० जुलै

नुइताई,

हे पत्र ओतोकि लिहून घेतेय. शेवटी सही मी तोंडात लेखणी धरून करीन, हसू नकोस.

तू साएला घेऊन बोटीवर चढलीस त्याला आज सहा दिवस झाले. इथे इस्पितळात पडल्या पडल्या मी तो दिवस पुन्हा पुन्हा बघतो. तू फाटकावरच्या माणसाला छत्रीने बाजूला सारून फ्लोअरवर आलीस. किमोनोचा ओचा वर खोचलेला, पायात चिखल. कॅमेरा चालू होता. साए माझ्या मांडीवर ताठ झालेली होती, डोळे वर गेलेले, आणि मी, ताई, मी दृश्य संपायची वाट बघत होतो. तू सरळ माझ्यापाशी आलीस. तिला उचललंस आणि त्या हौदाशेजारच्या बादलीत घालून धुवायला लागलीस. कुणीतरी ओरडलं, “ही बाई कोण?” कुराता म्हणाले, “थांबा, उत्तम दिसतंय.” ते मी त्यांना कधीच माफ करणार नाही. स्वतःला तर नाहीच.

तुझ्या तारेचं मला आत्ता कळलं. ती अठराला दुपारीच पोचली होती. हिरोसेने उघडली. ‘विष’ हा शब्द भुताच्या सेटवर नको म्हणून त्याने ती त्या धोंड्याखाली ठेवली, वर उदबत्ती लावली, म्हणजे अपशकुन शांत व्हावा. दोन दिवस ती तिथे होती. मी रोज तिथून जाताना वाकून नमस्कार करत होतो. हिरोसे काल येऊन पलंगापाशी रडला. वाईट माणूस नाही तो. तुझ्यामाझ्यासारखाच आहे.

डॉक्टर म्हणतात, हाडांत मुरलेलं निघायला वर्षं लागतील, पण हात परत येतील. सावकाश, आणि तो रंग पुन्हा अंगाला लागला नाही तर. उरलेला सिनेमा त्यांनी दुसऱ्या कुणाची तरी पाठ दाखवून पुरा केला. परवा कुराता टरबूज घेऊन आले. पुढच्या उन्हाळ्यासाठी भुताचे दोन सिनेमे ठरलेत, माझं नाव सगळ्यांच्या वर. मग खाली बघून विचारलं, “हे हात... पुढच्या मेपर्यंत बरे होतील का?” मी म्हणालो, सांगता येत नाही. त्यांना हायसं वाटलं, ते मी स्पष्ट बघितलं.

आणि खरं सांगू? मलाही क्षणभर आनंद झाला. इतक्या वर्षांनी नाव वर! बाबा डॉक्टरांना तसं का बोलले ते मला त्या क्षणी कळलं, आणि माझी पाचावर धारण बसली. भूत म्हणशील तर ते एवढंच होतं ताई. दुसऱ्याच दिवशी ओतोकिकडून नकार लिहून पाठवला. एका स्टुडिओचा करार मोडणाऱ्याला बाकीच्या कंपन्याही उभं करत नाहीत, तसं त्यांचं आपसात ठरलेलं आहे. म्हणजे सिनेमा संपला. रेडिओवर आवाज लागतात म्हणे, कुत्र्याचे, पावसाचे, म्हाताऱ्यांचे. बघू.

आता जे विचारायला पत्र लिहिलं ते विचारतो. साए बोलली का? एक महिना झाला. डोळ्यांनी दिसायला लागलं, गिळायला लागली, पण शब्द नाही. तुम्ही निघालात तेव्हा इथल्या डॉक्टरांनी मला एकट्याला सांगितलं की उन्हाळा संपेपर्यंत बोलली नाही तर पुढे आशा धरू नका. तुला सांगितलं नव्हतं. रोज सकाळी पोस्टमनची सायकल वाजली की मी डोळे मिटून घेतो. तिला गाण्यातलं काही म्हणून दाखव. चिमणीचा आवाज काढून दाखव. नाहीतर नको, चिमणी नको.

सिनेमा तिकडे लागेल. तू बघायला जाऊ नकोस.

तोकुजि


मारुगामे, १६ ऑगस्ट

तोकु,

काल पितरांना निरोप दिला. बाबा, आई, सुएकिचि, तुझी बायको, सगळ्यांचे दिवे सोडले. साएला पाठीवर घेऊन गेले होते. डावा पाय अजून ओढते. दिव्यांकडे बघत होती, पण आवाज नाही.

तू जाऊ नकोस म्हणालास म्हणून मी गेले. आज दुपारच्या खेळाला. साएला ह्यांच्याजवळ ठेवलं. म्हटलं, जे मी पाठवलं ते मला बघितलं पाहिजे.

थिएटर खचाखच भरलेलं. आमच्याच गावचे पंखे फडफडत होते. तू हौदातून वर आलास आणि सगळे पंखे एकदम थांबले. चांगलं काम केलंस तोकु. हे मी बहीण म्हणून नाही, तमाशाच्या गाडीत वाढलेली बाई म्हणून सांगते. नवऱ्याच्या कामात तर तुझी चाल बघूनच मला राग आला. मग हात दिसले. शेजारची म्हातारी म्हणाली, “अगंबाई, हे तर ओगिनोंचे हात!” तिने बाबांना बघितलं होतं. लोक सुस्कारे टाकत होते आणि मी आपली मनगटं मांडीखाली दाबून बसले होते.

तिथवर मी निभावलं. मग ते दृश्य आलं. भूत लेकराजवळ येतं, त्याला मांडीवर घेतं, गाणं म्हणतं. तुझा तो गोड आवाज. साएने तुझ्या मानेत तोंड खुपसलं, मग वर बघून हसली, आणि ओठ चाटले. अख्ख्या थिएटरने “आहा” केलं. बायकांनी डोळ्यांना किमोनोच्या बाह्या लावल्या. सबंध सिनेमात तेवढ्याच एका जागी कुणी घाबरत नव्हतं.

मी उठून उभी राहिले आणि ओरडले, “पुसा! तिचं तोंड पुसा कुणीतरी!”

लोक हसले. मागून एकजण म्हणाला, “मावशी, सिनेमा आहे तो, खाली बसा.” मी लोकांच्या पायांवरून तुडवत बाहेर पडले. चपला तिथेच राहिल्या. उन्हातून अनवाणी पळत घरी आले.

साए ओट्यावर बसली होती. ह्यांनी टरबूज दिलं होतं, तोंडभर लाल रस. पांढरं काही नव्हतं, मला दिसत होतं की नव्हतं. तरी मी तिला विहिरीपाशी नेलं आणि तोंड धुतलं. मग मान धुतली. मग पुन्हा तोंड. हे ओरडत होते, “अगं, स्वच्छ आहे, सोड तिला!” मला थांबताच येईना. तिसऱ्यांदा ओंजळ भरली तेव्हा तिने माझी दोन्ही मनगटं धरली, घट्ट धरली, आणि म्हणाली,

“आत्या, पुरे.”

ह्यांनीही ऐकलं. साक्षीला आहेत. पुन्हा बोल म्हटलं तर बोलत नाही, रागावली आहे माझ्यावर. उद्या सकाळची पहिली तार तुला करणार आहे, पण आज रात्री मला झोप येणार नाही, म्हणून हे लिहिलं. चालता येत असेल तर ये.

नुइ